‘मूळ : आफ्रिकन’? पश्चिम आफ्रिकेतल्या नावांचा अर्थ पडताळताना

भाचीने इंग्लंडहून चौदा नावांची यादी पाठवली आणि खाली एकच ओळ लिहिली, “मामा, यातलं खरं किती?” तिचा नवरा इग्बो, म्हणजे आग्नेय नायजेरियातला. बाळ यायला तीन महिने होते. मी काही वर्षं घानात, अक्राला, एका कंपनीच्या हिशेबखात्यात काढली. तेवढ्या पुण्याईवर आफ्रिकेबद्दलचे सगळे प्रश्न आमच्या घरात माझ्याकडे येतात.

यादी बाळनावांच्या कुठल्याशा वेबसाइटवरची होती. प्रत्येक नावापुढे ‘मूळ : आफ्रिकन’ आणि शेजारी एक गोडसा अर्थ. पहिलंच नाव ‘अमारा’, अर्थ ‘कृपा, चिरंजीव’. माझ्या बहिणीला ते वाचताक्षणी आवडलं, कारण त्यात आपला ‘अमर’ ऐकू येतो. गोम तिथेच होती. इग्बो भाषेत अमारा म्हणजे कृपा, हे बरोबर. ‘अमाराची’ म्हणजे देवाची कृपा, त्याचं हे घरगुती रूप. ‘चिरंजीव’ हा अर्थ मात्र संस्कृत अमर शब्दाचा. कुणीतरी दोन भाषांमधले दोन शब्द एका ओळीत कोंबले आणि बाकीच्यांनी ती ओळ जशीच्या तशी उतरवून घेतली. वर गिनी आणि सिएरा लिओनमध्ये अमारा हे पुरुषाचं नाव असतं, ते यादीत कुठेच नाही.

उरलेल्या तेरापैकी तीन नावं पश्चिम आफ्रिकेतली नव्हतीच. इमानी, झुरी, जबारी ही स्वाहिलीतली, म्हणजे खंडाच्या दुसऱ्या टोकाच्या किनाऱ्यावरची. इमानी तर मूळ अरबी शब्दावरून आलेलं, आपल्या ‘इमान’चं सख्खं भावंड. आपला आफ्रिकेशी जुना संबंध जंजिऱ्याच्या सिद्दींचा आणि मलिक अंबरचा. तोही पूर्वेकडचाच, कारण अंबर जन्माने इथियोपियातला. लागोस किंवा अक्राच्या नावांबद्दल आपल्या कानाला काहीच सवय नाही, त्यामुळे वेबसाइट म्हणेल ते आपण खरं धरतो.

त्या यादीवर मी जे काम केलं, ते इथे क्रमाने मांडतो. नातं जुळलंय म्हणून नाव शोधणाऱ्यांना उपयोगी पडेल, आणि भाषांतर करताना अशी नावं समोर येणाऱ्यांनाही.

आधी भाषा गाठा

‘मूळ : आफ्रिकन’ लिहिणं म्हणजे तुकाराम, तिरुवल्लुवर आणि तेनझिंग या तिघांपुढे ‘मूळ : आशियाई’ लिहिण्यासारखं आहे. एकट्या नायजेरियात ५०० हून जास्त भाषा आहेत. ज्या ठिकाणी नावाची भाषा दिलेली नाही, तिथला अर्थ मी वाचतच नाही. वेळ वाचतो.

भाषेचा पहिला अंदाज नावाच्या घडणीवरून बांधता येतो. सुरुवातीला ओलू, अदे, अयो, अकिन, बाबा असं काही असेल तर बहुधा योरूबा, म्हणजे नैऋत्य नायजेरिया आणि शेजारचा बेनिन. ची, चुक्वु, न्ना, न्ने, ओबी दिसलं तर इग्बो. ओसागी, ओसाझे यांतला ‘ओसा’ हा एदो भाषेतला देव, म्हणून ही नावं बेनिन सिटीकडची. (हे शहर नायजेरियात आहे, बेनिन देशात नाही. या घोटाळ्यानेही अनेक याद्या फसल्या आहेत.) कोफी, क्वामे, अमा, अकुआ ही घानातल्या अकान भाषांतली.

पण हा फक्त संशय, पुरावा नव्हे. ‘इफे’ घ्या. योरूबात हे प्रेम. इग्बोत हेच स्पेलिंग ‘वस्तू, गोष्ट’ या अर्थाचं, म्हणून ‘इफेओमा’ म्हणजे चांगली गोष्ट. इफेओमाचा अर्थ ‘सुंदर प्रेम’ असा दिसला की समजावं, लिहिणाऱ्याने अर्धं नाव एका भाषेत वाचलं आणि अर्धं दुसऱ्या.

सेनेगल, माली, गिनीकडे गेलात की वेगळाच प्रकार. मामादू, फातूमाता, उस्मान, ऐसातू ही नावं ऐकायला अगदी तिथली, पण मुळात मुहम्मद, फातिमा, उस्मान आणि आयेशा. मग यांना पश्चिम आफ्रिकी म्हणायचं की नाही? मी म्हणतो, म्हणायचं. गोव्यात पोर्तुगीज जोझेचा झुझे झाला तो गोव्याचाच. फक्त मूळ लिहिताना दोन्ही टप्पे लिहावेत : शब्द अरबी, रूप वोलोफ किंवा फुला किंवा माली-गिनीकडच्या मांडे भाषांतलं.

स्पेलिंगवर देशाच्या जुन्या मालकाचा शिक्का असतो, तोही ध्यानात ठेवा. जालो हे आडनाव सेनेगलमध्ये फ्रेंच वळणाने ‘डी’ अक्षराने सुरू होतं, सीमा ओलांडून गाम्बियात गेलं की इंग्रजी वळणाने ‘जे’ ने. नाव एकच, घराणंही एकच असू शकतं. घानातला कोफी आयव्हरी कोस्टमध्ये दोन ‘एफ’ लावून लिहितात. याद्यांमध्ये ही दोन स्वतंत्र नावं म्हणून दिलेली असतात, आणि कधीकधी अर्थही वेगळे!

नाव पूर्ण करून घ्या

योरूबा आणि इग्बो नावं बरीचशी आख्खी वाक्यं असतात. रोजच्या हाकेत वाक्याचा एक तुकडा राहतो, आणि वेबसाइट त्या तुकड्याचा अर्थ लावत बसते. आपल्याकडे ‘पंत’ एवढंच ऐकून मागे जनार्दन होता की यशवंत हे कोण सांगणार?

‘देले’ घ्या. हा अयोदेले असू शकतो (आनंद घरी आला), ओलादेले असू शकतो (मानमरातब घरी आला), किंवा बामिदेले (माझ्यासोबत घरी ये). नुसत्या देलेचा अर्थ ‘घरी आला’ एवढाच निघतो, तोही ओढूनताणून. ‘शादे’ म्हणजे बहुतेक वेळा फोलाशादे, मानालाच मुकुट करून घालणं. गायिका शादेचं नाव यातूनच आलं. तिचं पूर्ण नाव हेलन फोलाशादे अदू, जन्म १९५९ चा, इबादानचा.

इग्बोत तुकडा पाडल्यावर अर्थ कधी लंगडा होतो. इफेआन्यी म्हणजे ‘अशक्य असं काही नाही’. कुणाला अशक्य? पूर्ण नाव इफेआन्यीचुक्वु : देवाला अशक्य असं काही नाही. न्केची म्हणजे ‘देवाचं ते’. पूर्ण नाव न्केचिन्येरे, देवाने दिलं ते. लेखक चिनुआ अचेबे यांचं नाव चिनुआलुमोगु होतं, ‘देव माझ्या बाजूने लढो’. नुसत्या चिनुआत लढाईचा भाग गळालेला असतो.

म्हणून दुसरा प्रश्न नेहमी हा : हे कशाचं लहान रूप आहे? एकाहून जास्त उत्तरं आली तर ज्या माणसाचं नाव आहे त्याच्याकडूनच खुलासा हवा. बाळासाठी निवडत असाल तर पूर्ण नाव निवडा आणि लहान रूप घरी हाक मारायला ठेवा.

टिंब आणि सूर

या पायरीवर सगळ्यांत जास्त अर्थ सांडतो, म्हणून इथे जरा थांबू.

योरूबा रोमन लिपीत लिहितात, पण ‘ओ’, ‘ई’ आणि ‘एस’ या अक्षरांखाली टिंब देतात आणि स्वरांवर सुराच्या खुणा. ‘एस’खाली टिंब म्हणजे ‘श’, म्हणून शादे. टिंब पुसलं की न जाणणारे तिला ‘साडे’ वाचतात. ‘ओ’खालच्या टिंबाचा उच्चार आपल्या ‘ऑ’जवळचा. इथे देवनागरीला इंग्रजीपेक्षा बरं साधतं, कारण ओ आणि ऑ आपण वेगळे लिहू शकतो. सूर मात्र आपल्यालाही लिहिता येत नाहीत.

योरूबात सूर तीन : खालचा, मधला, वरचा. शिकवताना तिथे त्यांना ‘डो-रे-मी’ म्हणतात. आपण सा-रे-ग म्हणू. आता ‘ऑकॉ’ हा शब्द. रे-रे असा म्हटला तर नवरा. रे-ग म्हटला तर कुदळ. रे-सा म्हटला तर वाहन. सा-सा म्हटला तर भाला. इंग्रजी टंकलेखनात चारही एकसारखे दिसतात. ‘कोसॉकॉ’ नावात ‘को सी’ म्हणजे ‘नाही’ आणि पुढे ऑकॉ. सूर न बघता अर्थ लावला तर ‘नवरा नाही’ निघेल. खरा अर्थ ‘कुदळ नाही’. कुठली कुदळ, ते पुढे येईलच. या नावाचा राजा १८४५ ते १८५१ या काळात लागोसच्या गादीवर होता.

‘ऑला’ही तसाच. सुरानुसार मान-प्रतिष्ठा, संपत्ती किंवा उद्याचा दिवस. नावांमध्ये बहुतेकदा पहिला असतो, पण याद्या सर्रास ‘संपत्ती’ लिहितात. इग्बोतही हाच प्रकार : ‘अक्वा’ हा शब्द सुरावर रडणं, अंडं, कापड किंवा पलंग होतो.

यावर करायचं एवढंच : खुणांसकट स्पेलिंग मिळेपर्यंत अर्थ नक्की झाला असं मानायचं नाही. घानातल्या ट्वी या अकान भाषेत दोन जादा स्वराक्षरं आहेत, एक उलट्या ‘सी’सारखं, दुसरं इंग्रजी तीनच्या आकड्याच्या आरशातल्या रूपासारखं. फोनवर ती सापडत नाहीत म्हणून तिकडची मंडळी मेसेजमध्ये त्यांच्या जागी बंद कंस आणि ३ चा आकडा टाकतात. शोधताना हे माहीत असलेलं बरं. मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा मला वाटलं सहकाऱ्याच्या फोनचा कीबोर्ड बिघडलाय.

फोड करा, मग कोश उघडा

नाव वाक्य असेल तर त्याची संधी सोडवता आली पाहिजे. बाबातुंदे : बाबा (वडील), तून (पुन्हा), दे (येणं). वडील पुन्हा आले. आजोबा गेल्यावर जन्मलेल्या नातवाचं हे नाव. मुलीसाठी येतुंदे किंवा इयाबो, आई परत आली. प्रत्येक तुकड्याला शब्दकोशात जागा सापडली की अर्थावर भरवसा ठेवायला हरकत नाही. दोन अक्षरी नावाचा अर्थ ‘सिंहासारखी शूर आणि सगळ्यांची लाडकी राजकन्या’ असा दिला असेल तर त्यातला कुठला तुकडा सिंह आणि कुठला राजकन्या, हे विचारून बघा.

योरूबासाठी आज सर्वांत सोयीचं ठिकाण म्हणजे भाषातज्ज्ञ कोला तुबोसून यांनी उभा केलेला योरूबानेम डॉट कॉम हा नावांचा कोश. तिथे खुणांसकट स्पेलिंग, नावाची फोड आणि अर्थ मिळतो. छापील कोशांत योरूबाचा अब्राहमचा १९५८ चा, उत्तर नायजेरियातल्या हौसाचा बार्जरीचा १९३४ चा, ट्वीचा क्रिस्टालरचा १८८१ चा आणि इग्बोचा एचेरुओंचा १९९८ चा. या चारांत नाव थेट सापडलं नाही तरी त्याचे तुकडे सापडतात.

जुने कोश वाचताना एक भान हवं. क्रिस्टालर बाझल मिशनचे पाद्री होते. योरूबाचे पहिले मोठे अभ्यासक सॅम्युएल अजायी क्राउथर स्वतः योरूबा, पण अँग्लिकन चर्चचे बिशप. त्यांनी बायबलच्या भाषांतरात सैतानासाठी ‘एशू’ हा शब्द वापरला. एशू हा योरूबांचा चौरस्त्यांवरचा, देव आणि माणसांमध्ये निरोप नेणारा दैवत; खोडकर आहे, पण सैतान नव्हे. तरीही एशूबियी (एशूने दिलेलं मूल) या नावापुढे ‘सैतानाचं मूल’ असा अर्थ आजही फिरतो. म्हसोबाचं ‘डेव्हिल’ असं भाषांतर करून एखाद्या म्हसूला गोत्यात आणण्यातला हा प्रकार.

दोन वेबसाइटींनी एकच अर्थ दिला म्हणजे दोन साक्षीदार झाले, असं नाही. दोन्हीकडे वाक्य तेच, शुद्धलेखनाची चूकही तीच असेल तर साक्षीदार एकच. चॅटबॉटला विचारलंत तर तो याच याद्या घोटून, नीटनेटक्या भाषेत, आत्मविश्वासाने परत देण्याची शक्यता मोठी. मी त्याच्याकडून फक्त नावाची फोड मागतो आणि ती कोशात तपासतो.

वार, क्रमांक, जुळी : ज्यांना ‘अर्थ’ नसतो अशी नावं

अक्रामधल्या पहिल्या आठवड्यात ऑफिसात मला विचारलं गेलं, “तू कुठल्या वारचा?” मी पत्रिकेतला मंगळवार सांगितला आणि त्या दिवसापासून मी क्वाबेना झालो.

अकान लोकांत, म्हणजे असांते, फांते वगैरेंत, मुलाला जन्मवाराचं नाव आपोआप मिळतं. रविवारचा मुलगा क्वासी, मुलगी अकोसुआ. सोमवारी क्वाद्वो आणि अद्वोआ, मंगळवारी क्वाबेना आणि अबेना, बुधवारी क्वाकू आणि अकुआ, गुरुवारी याव आणि या, शुक्रवारी कोफी आणि अफुआ, शनिवारी क्वामे आणि अमा. फांते क्वासीला क्वेसी म्हणतात, क्वाद्वोला कोजो. शेजारच्या एवे लोकांतही वारनावं आहेत, पण मंगळवारी मुलगा कोमला आणि मुलगी अब्ला. आपल्या आदिवासी पाड्यांवरचे सोम्या, मंगळ्या, बुध्या आठवा, पद्धत तीच.

मग याद्यांमध्ये कोफीचा अर्थ ‘भटक्या’ किंवा क्वाकूचा ‘कोळी’ कसा येतो? प्रत्येक वाराला स्वभाव आणि बिरुदं चिकटलेली आहेत, आणि लोककथांमधला चतुर कोळी अनान्से हा बुधवारचा, म्हणून क्वाकू अनान्से. त्यावरून क्वाकू म्हणजे कोळी ठरवणं म्हणजे हनुमान शनिवारचा म्हणून शनिवारचा अर्थ माकड लावणं.

वारनावांची मोठी सोय ही की ती कॅलेंडरवर तपासता येतात. संयुक्त राष्ट्रांचे माजी सरचिटणीस कोफी अन्नान यांचा जन्म ८ एप्रिल १९३८, घानातल्या कुमासीचा. तो दिवस शुक्रवार. त्यांचं मधलं नाव अट्टा, म्हणजे जुळ्यांपैकी एक. त्यांना जुळी बहीण होती. अन्नान म्हणजे चौथं अपत्य. आडनावासारखी दिसणारी अशी क्रमांकाची नावं पुष्कळ : मानू दुसरा, मेन्सा तिसरा, बादू दहावा. घानाचे पहिले राष्ट्राध्यक्ष क्वामे एन्क्रुमा यांची अधिकृत जन्मतारीख २१ सप्टेंबर १९०९. कॅलेंडर काढलंत तर मंगळवार निघतो, आणि क्वामे तर शनिवारचा. इथे चूक नावात धरायची की तारखेत? मी तारखेत धरतो, कारण त्या काळात खेड्यात तारीख कुणी अंदाजाने लिहिलेली असायची, वार मात्र घराला पाठ असायचा. त्या मंगळवारच्या आधीचा शनिवार १८ सप्टेंबरला येतो. एन्क्रुमा या शब्दाचा अर्थ नववा.

आता वारनाव स्वतःच्या बाळाला देणाऱ्या मराठी घरासाठी सूचना. पंचांगाचा वार सूर्योदयाला बदलतो, कॅलेंडरचा मध्यरात्री. माझा जन्म पहाटे पावणेचारचा. पत्रिकेत मंगळवार, जन्मदाखल्यावरच्या तारखेला बुधवार. हे जेवणाच्या सुट्टीत उघडकीस आलं तेव्हा ऑफिसात जोरदार चर्चा झाली आणि मला क्वाकू करण्यात आलं. आईच्या मते मी अजून क्वाबेनाच आहे. मध्यरात्र आणि पहाटेच्या मधलं मूल असेल तर सासरच्या वडीलधाऱ्यांना आधी विचारा. आणि उलट बाजूने : एखादा क्वामे शनिवारचा निघाला नाही म्हणून त्याला खोटं पाडू नका. आजोबांचं नाव जसंच्या तसं नातवाला देतात, मग वार मागे पडतो.

इग्बोंचा जुना आठवडा चार दिवसांचा आणि बाजारांचा : एके, ओरिये, आफो, एन्क्वो. ओकेके, ओकाफोर, ओकोन्क्वो ही नावं त्यांतून येतात. सात वारांशी यांची सांगड घालणारी यादी दिसली तर सरळ मिटून टाका.

योरूबांकडे जन्माच्या तऱ्हेवरून, जणू स्वर्गातूनच घेऊन आलेली नावं असतात. जुळ्यांतलं आधी बाहेर येतं ते ताइवो, मागून येतं ते केहिंदे. आणि मान केहिंदेचा मोठा, कारण त्यानेच ताइवोला जग बघून यायला पुढे पाठवलं असं धरतात. जुळ्यांनंतरचं मूल इदोवू, त्यानंतरचं अलाबा. पायाळू मूल इगे. पालथं जन्मलेलं अजायी. वर ज्या बिशपांचा उल्लेख आला त्यांचं हेच नाव. एकुलत्या एका मुलीचं नाव इदोवू ठेवायला शब्दार्थाच्या दृष्टीने हरकत काहीच नाही, पण लागोसमध्ये पहिलाच माणूस विचारेल, “आधीची जुळी कुठे आहेत?”

तोकुन्बोचंही असंच. समुद्रापलीकडून आलेलं मूल, परदेशी जन्मलेल्यांसाठीचं नाव. इंग्लंडात जन्मणाऱ्या बाळाला चपखल बसतं. फक्त आज नायजेरियात परदेशातून आणलेल्या जुन्या गाड्यांनाही तोकुन्बोच म्हणतात. जावई याच नावावर सर्वांत जास्त हसला.

केरबा, अजूजी आणि ‘कुणाला नको’

यादीतून ज्या नावांवर लोक फुली मारतात, त्यांच्यापाशी मी सर्वांत जास्त वेळ थांबतो.

हौसा भाषेत अजूजी म्हणजे उकिरड्यावरचा. ट्वीत सुमिना, तोच उकिरडा. वोलोफ भाषेत केन बुगुल, ‘कुणालाच नको’. सेनेगलच्या एका लेखिकेने हेच टोपणनाव घेतलं. अकान लोकांत दोंकोर, म्हणजे गुलाम. योरूबांत मालोमो, ‘आता जाऊ नकोस’. इग्बोंत ओन्वुबिको, ‘मृत्यो, पाया पडतो’. मूळ शब्द बरोबर, भाषांतर बरोबर, आणि तरीही वाचणाऱ्याचा समज पूर्ण चुकीचा.

मराठी माणसाला हे समजावून सांगावं लागू नये. आपल्याकडे केरबा, उकिरडा, दगडू, धोंडू, भिकू कशासाठी होते? आधीची मुलं जगली नाहीत म्हणून. काळाची नजर चुकवायची, या पोरात घेण्यासारखं काही नाही असं त्याला दाखवायचं. अजूजी म्हणजे आपला केरबा. कोसॉकॉमधली कुदळ ही कबर खणायची : कुदळ उरलेली नाही, तेव्हा मरायचं नाही. १९९३ ची नायजेरियाची निवडणूक जिंकूनही सत्तेवर बसू न दिलेले मोशूद अबिओला यांचं मधलं नाव काशिमावो, ‘बघू या, काय होतंय’. वडिलांचं ते तेविसावं मूल, आणि जगलेलं पहिलं. नामकरणाचीही घाई नव्हती, कारण सवयच झाली होती.

इथे एक फसवं साम्यही आहे. केन बुगुलचं मराठी भाषांतर शब्दशः ‘नकुशी’ होईल. साताऱ्यात २०११ साली अशा शेकडो नकुशींची नावं सरकारी समारंभात बदलली गेली. पण नकुशी हे मुलगी खरोखरच नको होती म्हणून ठेवलेलं नाव, आणि केन बुगुल हे मूल जीव तोडून हवं होतं म्हणून. शब्दकोशात दोन्ही शेजारी बसतील, घरात नाही. त्यामुळे माझ्या वहीत प्रत्येक नावापुढे दोन रकाने असतात : शब्द काय म्हणतो, आणि हे नाव कुठल्या घरात, कशानंतर ठेवतात. दुसरा रकाना रिकामा असेल तर पडताळणी अर्धीच झालेली असते.

याच रकान्यात घराणंही नोंदवा. योरूबांत ‘अदे’ म्हणजे मुकुट, आणि तो बहुतेकदा राजघराण्याशी नातं सांगतो. ‘आयान’ ढोल वाजवणाऱ्या घराण्यांचं, ‘ऑदे’ शिकाऱ्यांचं, ‘इफा’ दैवज्ञांचं, ‘ओगून’ लोखंडाच्या देवाचं. ख्रिस्ती झालेल्या कित्येक घरांनी पुढे इफा किंवा ओगून काढून तिथे ओलू (प्रभू) किंवा जेसू (येशू) बसवलं. म्हणजे एकाच घरात आजोबांचं आणि नातवाचं नाव अर्धं सारखं, अर्धं वेगळं असू शकतं.

माणसांना विचारण्याची रीत

“याचा अर्थ कृपा असाच ना?” असं कधीही विचारू नका. समोरचा सभ्य असेल तर हो म्हणेल. मी उलटं विचारतो : हे नाव ऐकल्यावर डोळ्यांसमोर कोण येतं? मुलगा की मुलगी, म्हातारा की तरुण, कुठल्या गावचा, कुठल्या धर्माचा? मग विचारतो, तुमच्या ओळखीत हे नाव कुणाचं आहे आणि त्याला ते का दिलं. अर्थाचा प्रश्न सर्वांत शेवटी.

माणसं निदान दोन हवीत, आणि त्यांतलं एक साठीच्या पुढचं. लागोसमध्ये वाढलेल्या तरुणाला योरूबा नावांच्या खुणा लिहिता येतीलच असं नाही, जसं पुण्यातल्या पोराला नावरस नाव म्हणजे काय ते ठाऊक असेलच असं नाही. आणि नायजेरियन आहे म्हणून योरूबा माणसाला इग्बो नावाबद्दल विचारू नका. तुम्हाला कुणी भारतीय म्हणून मल्याळम नावाचा अर्थ विचारला तर काय सांगाल?

कानाने ओळखण्याचं महत्त्व किती, याचं एक उदाहरण. एकोणिसाव्या शतकात पकडलेल्या गुलामजहाजांवरून सोडवलेल्या माणसांची नावं फ्रीटाउन आणि हवानाच्या कारकुनांनी ऐकू आली तशी रजिस्टरात लिहिली. अशा ९१,४९१ जणांची नोंद आज ‘आफ्रिकन ओरिजिन्स’ या प्रकल्पात आहे, आणि आफ्रिकी भाषा बोलणाऱ्यांना आवाहन केलं गेलं की ही वेडीवाकडी स्पेलिंगं मोठ्याने म्हणा आणि कुठल्या भाषेतलं नाव वाटतं ते सांगा. इतक्या वर्षांनीही नाव ओळखायचं ते कानानेच.

आणखी एक. नाव ठेवण्याचा मान कुणाचा, हेही विचारून घ्या. अकान घरात तो वडिलांकडे असतो, आणि आठव्या दिवशी बाळाच्या जिभेवर आधी पाण्याचा, मग मद्याचा थेंब देऊन सांगतात : पाण्याला पाणी म्हण, दारूला दारू. हौसांचा समारंभ सातव्या दिवशी. योरूबांचा आठव्या, आणि तिथे आजी-आजोबा, काका-मावश्या आपापलं एकेक नाव देतात, तेव्हा एकाच नावावर भांडायचं कारण उरत नाही. आपल्या बाराव्या दिवसाच्या हिशेबाने निवांत बसलात तर गाडी चुकेल.

शेवटी देवनागरी

इंग्रजी स्पेलिंग बघून देवनागरीत लिहू नका, आवाज ऐकून लिहा. ट्वीत ‘जी-वाय’ म्हणजे ज, म्हणून अजेमान. ‘के-वाय’ म्हणजे च. क्वाद्वोचा उच्चार क्वाजोच्या जवळ जातो. इग्बोतला ‘जीबी’ हा दोन ओठ आणि घसा एकदम वापरून काढलेला एकच आवाज आहे. आपण ‘ग्ब’ लिहितो आणि पुढे जातो. घरातल्या सर्वांत वयस्कर माणसाकडून नाव तीनदा म्हणवून फोनवर रेकॉर्ड करून ठेवा. पासपोर्टवर खुणा जातील, रेकॉर्डिंगमध्ये सूर राहतील.

न्यामेचे हे ट्वीतलं सुंदर नाव, देवाची देणगी. मराठीत ते वाचताना ‘न्यामेचे काय?’ असं मनात येतंच. अक्राला मी यावर हसायचो.

भाचीच्या यादीतली चौदापैकी चार नावं उरली. तिच्या सासूबाईंनी फोनवर ती ऐकली, मुलगा झाला तर नाव न्नाम्दी हे आधीच ठरलंय असं शांतपणे सांगितलं (‘माझे वडील आहेत’, जावयाचे वडील वर्षापूर्वीच गेले होते), आणि मुलगी झाली तर पूर्ण नाव ठेवा, अर्धं नको, एवढी अट घातली. मुलगी झाली. इंग्लंडातला समारंभ उरकल्यावर चार महिन्यांनी ती इकडे आली, तेव्हा ताईने हौसेने बारशाची पत्रिका छापायला दिली : ‘आमची नात अमाराची’. दुसऱ्या दिवशी सकाळी प्रेसवाल्याचा फोन.

“ताई, ‘अमाराची’च्या पुढचा शब्द राहिलाय तुमचा.”